बंदर हललं, जमीन राहिली

कुलाब्याच्या ससून डॉकपासून वडाळ्यापर्यंत मुंबईच्या पूर्व किनाऱ्यावर सुमारे १,८०० एकर जमीन मुंबई बंदराच्या मालकीची आहे. जुन्या बेट-शहराच्या दहा टक्क्यांहून ती जास्त भरते. १९८९ साली खाडीपलीकडे न्हावा-शेवा बंदर सुरू झालं, कंटेनर तिकडे वळले, आणि इकडची गोदामं हळूहळू रिकामी होऊ लागली. तेव्हापासून या जमिनीवर सगळ्यांचा डोळा आहे. २०१४ साली राणी जाधव समितीनं तिच्या वापराविषयी अहवाल दिला. पुढे आराखडे आले, क्रूझ टर्मिनल आलं, मरीना, बागा, व्यापारी मनोरे यांच्या चर्चा झाल्या. पण ही जमीन तयार कशी झाली आणि तिचा खर्च कुणी सोसला, हा प्रश्न त्या चर्चेत कुठेच नाही.

माझं मत आधीच सांगून टाकतो. ही जमीन सार्वजनिक मालकीतून जाता कामा नये, आणि तिचा विचार करताना पहिला मान ज्यांच्या कष्टांवर बंदर उभं राहिलं त्या माणसांना आणि त्या मुलखाला मिळाला पाहिजे. यात जुन्या मुंबईबद्दलचा गहिवर नाही. बंदराची किनारपट्टी खासगी हातांत सोडली तर काय होतं, हे दीडशे वर्षांपूर्वी खुद्द इंग्रज सरकारला पैसे मोजून शिकावं लागलं होतं. तो धडा सरकारी दप्तरात आहे. आपण तो विसरलो आहोत, कारण मुंबईचा इतिहास आपण फार तोकडा शिकतो.

शाळेतली गोष्ट सगळ्यांना पाठ आहे. १६६१ साली पोर्तुगीज राजकन्या कॅथरिन आणि इंग्लंडचा राजा दुसरा चार्ल्स यांच्या विवाहाच्या तहात मुंबई आंदण मिळाली. १६६८ साली राजानं ती वर्षाला १० पौंड भाड्यानं ईस्ट इंडिया कंपनीला दिली. मग सात बेटं जोडली, किल्ला बांधला, १८५३ साली बोरीबंदरहून ठाण्याला आगगाडी सुटली, आणि शेवटी गेटवे. या गोष्टीत शहर समुद्रातून आपोआप वर आल्यासारखं वाटतं. बंदरामागचा, माल आणि माणसं पुरवणारा मुलूख तिच्यात नसतोच.

खरं तर आंदणात आली ती फक्त मुंबई; शेजारची साष्टी आणि वसई नव्हे. ती पोर्तुगिजांकडेच राहिली, आणि १७३९ साली चिमाजी अप्पांनी वसई जिंकली तेव्हा तो सगळा पट्टा मराठ्यांकडे आला. मुंबईचं बेट त्यानंतर एका बाजूला समुद्र आणि दुसऱ्या बाजूला मराठी मुलूख अशा अवस्थेत होतं. तांदूळ, गवत, लाकूड, भाजीपाला, सगळ्यासाठी त्याला शेजाऱ्याच्या तोंडाकडे पाहावं लागे. म्हणून १७७४च्या डिसेंबरात इंग्रजांनी ठाण्याचा किल्ला घेतला आणि १७८२च्या सालबाईच्या तहात साष्टी कायमची पदरात पाडून घेतली. मागचा मुलूख हाताशी नसेल तर बंदर चालत नाही, हे इंग्रजांना पक्कं ठाऊक होतं.

त्याआधीची एक गोष्ट मला जास्त खुपते. १७५६ साली विजयदुर्गाच्या खाडीत तुळाजी आंग्र्यांचं आरमार जळालं. ते जाळायला इंग्रज गेले होते, पण पेशव्यांच्या संगनमतानं. घरातल्या भांडणात आपण आपलंच आरमार गमावलं. त्यानंतर या किनाऱ्यावर इंग्रजांना अडवेल अशी मराठी सत्ता समुद्रावर उरली नाही. चौल, दाभोळ, राजापूर ही शेकडो वर्षांची बंदरं. त्यांतली काही आधीच गाळानं आणि लढायांनी खचली होती, पण पुढच्या शतकात ती सगळीच मुंबईला माल आणि माणसं पुरवणारे थांबे बनून राहिली. कोकणातल्या माणसाचं पोट मुंबईवर अवलंबून झालं त्याची सुरुवात गिरण्यांच्या कितीतरी आधी, इथे आहे.

आता बंदराच्या जमिनीकडे येतो.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत मुंबईला आजच्या अर्थानं गोदी नव्हती. १७३५ नंतर सुरतेहून आलेल्या लवजी नसरवानजी वाडियांच्या कुटुंबानं जहाजं बांधण्याची आणि दुरुस्तीची गोदी नावारूपाला आणली, पण व्यापारी जहाजं खोल पाण्यात नांगर टाकून उभी राहत आणि माल पडावांतून धक्क्यावर येई. हे धक्के बहुतेक खासगी होते. लक्ष्मण हरिश्चंद्रजी अजिंक्य, म्हणजेच भाऊ रसूल, यांनी भराव टाकून धक्का बांधला आणि सरकारच्या परवानगीनं त्याच्या वापराचा आकार, म्हणजे शुल्क, घेतला. भरावासाठी त्यांनी शहराचा कचरा वापरला, असं सांगतात. भाऊचा धक्का हे नाव त्यांचंच. आजचा धक्का जुन्या जागी नाही, नाव मात्र टिकून आहे.

मग १८५८च्या सुमारास एल्फिन्स्टन लँड अँड प्रेस कंपनी निघाली. तिचा सरकारशी करार असा होता, की कंपनीनं जीआयपी (ग्रेट इंडियन पेनिन्सुला) रेल्वेच्या स्थानकासाठी १०० एकर भराव करून द्यायचा आणि बदल्यात स्वतःसाठी २५० एकर भरून घ्यायचे. सरकारला रेल्वेची जागा फुकट हवी होती, म्हणून शहराचा सगळ्यात मोलाचा किनारा एका कंपनीच्या हाती गेला. आज आपण ज्याला सार्वजनिक-खासगी भागीदारी म्हणतो त्याचा हा मुंबईतला फार जुना आणि फार बोलका नमुना आहे.

पुढे काय झालं? अमेरिकेत १८६१ साली यादवी युद्ध पेटलं, तिथला कापूस इंग्लंडमधल्या लँकेशायरच्या गिरण्यांना जाईना, आणि मुंबईच्या कापसाचे भाव गगनाला भिडले. चार वर्षांत शहरात कोट्यवधींचा पैसा आला. बँका निघाल्या, भरावाच्या कंपन्या निघाल्या, कापूस आणि शेअरचे दलाल प्रेमचंद रायचंद यांच्या शब्दावर शेअरचे भाव हलू लागले. पश्चिमेकडच्या बॅक बेचा समुद्र बुजवण्याच्या कंपनीच्या शेअरसाठी झुंबड उडाली. १८६५च्या वसंतात युद्ध थांबलं, आणि १ जुलै १८६५ला वायद्यांचे पैसे चुकते करायची वेळ आली तेव्हा बाजार कोसळला. १८६४च्या शिरगणतीत मुंबईची लोकसंख्या ८,१६,५६२ होती. १८७२ साली ती ६,४४,४०५ भरली. पावणेदोन लाखांच्या घरात माणसं शहरातून कमी झाली.

या पडझडीत एल्फिन्स्टन कंपनीही अडचणीत आली. पण तिच्याकडे किनारा होता, आणि व्यापाऱ्यांना भीती होती ती मक्तेदारीची. माल उतरवायचा तर दुसरी जागा नाही, म्हणजे कंपनी सांगेल तो आकार द्यायचा. अखेर १८७० साली सरकारनं कंपनीची मालमत्ता विकत घेतली. तेवढ्यानं भागलं नाही, कारण बाकीचे धक्के खासगी मालकांकडेच होते. १८७३च्या जूनमध्ये मुंबई पोर्ट ट्रस्ट स्थापन झाला आणि पुढची काही वर्षं एकेक धक्का, एकेक बंदर विकत घेण्यात गेली. डेव्हिड ससून यांच्या पेढीनं १८७५ साली भरती-ओहोटीची पर्वा न करता जहाज आत घेणारी, दरवाजाची गोदी बांधली होती. तीही १८७९ साली घेतली. १८८० साली प्रिन्सेस डॉक, मग व्हिक्टोरिया डॉक, १९१४ साली अलेक्झांड्रा डॉक, जिला आपण इंदिरा गोदी म्हणतो. अलेक्झांड्रा गोदी खोदताना निघालेल्या मातीच्या भरावावर बॅलार्ड इस्टेट उभी राहिली. माझगाव-शिवडीच्या बाजूला तर शेकडो एकर समुद्र बुजवला गेला.

हे सरकार वसाहतीचं होतं. त्याला जनतेचं भलं करायचं होतं असा माझा दावा नाही. ट्रस्टच्या मंडळावर युरोपीय व्यापाऱ्यांचा वरचष्मा होता, गोदीत राबणाऱ्यांचा एकही माणूस तिथे नव्हता. कापूस लवकर आणि स्वस्तात इंग्लंडला जावा हाच हिशेब होता. पण त्या हिशेबातूनही ते या निष्कर्षाला आले, की बंदराचा किनारा तुकड्यातुकड्यांनी खासगी मालकांकडे ठेवता येत नाही. त्यासाठी लागलेला पैसा कुठून आला? मालावरच्या आकारातून, धक्काभाड्यातून आणि त्या आकाराच्या तारणावर काढलेल्या कर्जातून. म्हणजे ज्या कापसावर, धान्यावर, कापडावर तो आकार बसला, ते पिकवणाऱ्या आणि वापरणाऱ्या मुलखानं ही जमीन भरली. खानदेश आणि वऱ्हाडचा शेतकरी या १,८०० एकरांत नकळत भागीदार आहे.

वऱ्हाडाबद्दल थोडं थांबून सांगायला हवं. १८५३ साली, ज्या वर्षी आगगाडी धावली त्याच वर्षी, इंग्रजांनी निजामाकडून वऱ्हाडचा कारभार आपल्याकडे घेतला. कारण निजामाच्या थकलेल्या रकमेचं सांगितलं गेलं, पण वऱ्हाडची काळी जमीन आणि तिच्यातला कापूस मँचेस्टरच्या नजरेत केव्हापासून होता. रुळांनी सह्याद्री ओलांडला तो बोरघाटातून १८६३ साली आणि थळघाटातून १८६५ साली. १८७० साली खामगावला रेल्वेचा फाटा गेला आणि त्याच्या उद्घाटनाला खुद्द व्हाइसरॉय लॉर्ड मेयो आले. एका तालुक्याच्या गावी व्हाइसरॉय येतो, यावरून त्या कापसाचं वजन कळतं. बोरघाटाच्या कामावर एका वेळी हजारो मजूर होते, पटकीनं आणि अपघातांनी त्यांतले किती मेले याचा धड हिशेब कुणी ठेवला नाही. बोगद्यांना नंबर आहेत, त्या माणसांची नावं नाहीत.

आणि दख्खनचं काय झालं? तेजीच्या काळात भाव चढले तेव्हा सावकारांनी हात सैल सोडून कर्जं दिली. त्यातच शेतसाऱ्याची फेरआकारणी झाली आणि इंदापूर, भीमथडी अशा कोरडवाहू तालुक्यांत सारा वाढला. मुंबईत बाजार कोसळला, मग गावचे भाव पडले, सावकारानं पैसे मागायला सुरुवात केली आणि कोर्टानं त्याच्या बाजूनं हुकूमनामे दिले. १२ मे १८७५ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरांतले कर्जरोखे काढून जाळले. दंगा गावागावांत पसरला. ज्या १८७५ साली कुलाब्याला ससून डॉक तयार झाला त्याच सालची ही घटना. १८७९ साली सरकारनं दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा केला, त्याच १८७९ साली ससून डॉक पोर्ट ट्रस्टनं विकत घेतला. या घटना आपण वेगवेगळ्या पुस्तकांत वाचतो, एक शहराच्या आणि एक शेतकऱ्यांच्या इतिहासात. पण त्या एकाच व्यापाराच्या दोन बाजू आहेत, आणि मुंबई बंदरावर लावलेल्या कुठल्याही पाटीवर सुपे हे गाव यायला हवं असं मला मनापासून वाटतं.

तीच गोष्ट अफूची. माळव्याची अफू मुंबईतून चीनला जाई. सर जमशेटजी जीजीभॉय यांच्यासारख्यांची संपत्ती त्या व्यापारात वाढली, आणि त्याच संपत्तीतून रुग्णालयं, शाळा झाल्या, माहीमच्या खाडीवरची वाट (कॉजवे) १८४५ साली लेडी जमशेटजींच्या देणगीतून झाली. मुंबईच्या गोदीत मलबारी सागवानाचं एक जहाज बांधलं गेलं, १८१३ सालचं, कॉर्नवॉलिस. अफूच्या युद्धात हरलेल्या चीननं १८४२ साली नानकिंगचा तह सही केला तो याच जहाजावर. दानशूरपणाचं कौतुक जरूर करावं, पण पैशाची वाटही सांगावी. दोन्ही सांगण्याइतके आपण आता मोठे झालो आहोत.

रे रोड स्थानकाला पूर्वेकडे उतरलं की दारूखान्याकडे जाता येतं. दोन्ही बाजूंना भंगारात निघालेल्या जहाजांचं सामान. हातभर जाडीच्या कड्यांच्या साखळ्या, गंजलेले नांगर, दोरखंडांची वेटोळी, गोल खिडक्या. ठिकठिकाणी रस्त्यात जुन्या बंदर रेल्वेचे रूळ डांबरात अर्धे बुजलेले दिसतात. गोदीची दगडी भिंत इतकी उंच, की समुद्र शंभर पावलांवर असूनही दिसत नाही. लाकडी बंदर, कोळसा बंदर, आणि ‘हे बंदर’ (इंग्रजी ‘हे’ म्हणजे गवत), जिथे शहरातल्या घोड्यांसाठी आणि म्हशींसाठी गवत उतरे. या पट्ट्यात हजारो कुटुंबं राहतात. कुणाचे आजोबा गोदीत हमाल, कुणाचे वडील जहाज तोडायला, कुणाची आई धान्याच्या वखारीत सांडलेलं निवडायला. जमीन केंद्राच्या बंदराची, म्हणून राज्याच्या झोपडपट्टी पुनर्वसनाच्या योजना वर्षानुवर्षं त्यांच्या दारापर्यंत आल्याच नाहीत. आराखड्याच्या नकाशात ही माणसं अतिक्रमण या एका शब्दात मावतात.

गोदीतलं काम काय होतं, हेही नव्या पिढीला सांगायला हवं. टोळीवाला माणसं जमवायचा. सकाळी फाटकावर उभं राहायचं, टोळीवाल्यानं बोट दाखवलं तर त्या दिवसाची भाकर, नाहीतर परत. जहाज आलं की रात्रंदिवस काम, नसेल तर आठवडा कोरडा. कामाची हमी नाही, जखमी झालं तर घरी बसायचं. पी. डिमेलो यांच्यासारख्या नेत्यांनी गोदी कामगारांची संघटना बांधली, संप केले, तुरुंगात गेले, आणि १९४८ साली गोदी कामगारांच्या रोजगाराचं नियमन करणारा कायदा झाला. त्यानंतर कुठे नोंदणी, पाळी आणि किमान हमी आली. गोदीच्या बाहेरच्या रस्त्याला आज डिमेलोंचं नाव आहे. त्यावरून रोज जाणाऱ्या किती जणांना ते कोण हे माहीत असेल?

या कामगारांत रत्नागिरी जिल्ह्याचा वाटा फार मोठा होता, गिरण्यांत होता तसाच. कोकणात खोताच्या, म्हणजे सारा वसूल करणाऱ्या वतनदाराच्या जमिनी, कुळांच्या पदरात नांगरणीपुरतं भात, आणि मनीऑर्डरीवर चालणारी घरं. १९३७ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मुंबई विधिमंडळात खोती नष्ट करण्याचं विधेयक मांडलं, तिकडे अलिबाग तालुक्यात चरी आणि आसपासच्या गावांतल्या कुळांनी नारायण नागू पाटलांच्या नेतृत्वाखाली १९३३पासून अनेक वर्षं शेती न कसता संप केला. मुंबई बंदराला स्वस्त मजूर मिळत राहिला त्यामागे हे खेड्यातलं दारिद्र्य होतं. खोताच्या जाचातून सुटलेला माणूस टोळीवाल्याच्या हातात सापडे.

बंदराच्या आपत्तींचीही किंमत याच माणसांनी दिली. १८९६च्या सप्टेंबरात गोदीलगतच्या मांडवीत डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी प्लेगचे रोगी ओळखले. मांडवीत वखारी होत्या, आणि वखारींवर दाटीवाटीनं राहणारी माणसं. १४ एप्रिल १९४४ला व्हिक्टोरिया गोदीत फोर्ट स्टिकिन हे जहाज फुटलं. पोटात शेकडो टन स्फोटकं, शेजारी कापसाच्या गासड्या आणि सोन्याच्या विटा. शेकडो माणसं मेली, आग विझवताना ६६ अग्निशामक जवान गेले. १४ एप्रिलपासून अग्निशमन सप्ताह पाळतो तो त्यांच्यामुळे. तीन वर्षांनी, १७ जुलै १९४७ला, स्वातंत्र्याला महिना उरला असताना, भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघालेली रामदास बोट काश्याच्या खडकाजवळ उलटली. गटारीसाठी अलिबाग-पेणकडे घरी निघालेली चाकरमानी माणसं. ६००हून अधिक बुडाली. तशा दर्यात ती बोट गेली, कारण गावी जायला गरिबाकडे तीच वाट होती.

आता न्हावा-शेवा. स्वतंत्र भारतानं मुंबई बंदराला पर्याय उभा केला तेव्हा तरी मागच्या मुलखाशी वेगळं वागायला हवं होतं. पनवेल-उरणच्या भातशेतीचं, मिठागरांचं, खाड्यांचं संपादन झालं. योग्य मोबदल्यासाठी आगरी-कोळी शेतकरी दि. बा. पाटलांच्या मागे रस्त्यावर आले, आणि जानेवारी १९८४ मध्ये जासई आणि दास्तान फाटा परिसरात पोलिसांनी गोळ्या झाडल्या. पाच शेतकरी हुतात्मा झाले. साडेबारा टक्के विकसित जमीन परत देण्याचं तत्त्व त्या रक्तातून आलं. जेएनपीटीच्या, म्हणजे याच न्हावा-शेवा बंदराच्या, प्रकल्पग्रस्तांना त्या जमिनीची इरादापत्रं मिळाली ती २०१४च्या ऑगस्टमध्ये, तीस वर्षांनंतर. शेवा कोळीवाड्यातून उठवलेल्या कोळ्यांना उरणजवळ हनुमान कोळीवाड्यात बसवलं, तिथे घरांना वाळवी लागली. भिंती, दारं, वासे पोखरले गेले. दर्यावर जगणाऱ्या माणसांची दुसऱ्या पुनर्वसनाची मागणी सुरू झाली. एकोणिसाव्या शतकातल्या सरकारनं बोरघाटात मेलेल्यांची नावं ठेवली नाहीत, त्याला परकी सत्ता हे कारण होतं. इथे ते कारणही नव्हतं.

म्हणून बंदराच्या रिकाम्या जमिनीचा प्रश्न मला केवळ नगररचनेचा वाटत नाही. मुंबईनं अशी एक संधी घालवली आहे, आणि फार जुनी गोष्ट नाही ती. १९८२च्या संपानंतर गिरण्या बंद पडल्या. १९९१च्या विकास नियंत्रण नियमावलीत गिरण्यांच्या जमिनीची तीन भागांत वाटणी ठरली, एक मालकाला, एक सार्वजनिक घरांसाठी, एक शहराच्या मोकळ्या जागांसाठी. २००१ साली त्या नियमात असा बदल झाला, की वाटणी फक्त आधीपासून मोकळ्या असलेल्या जमिनीची, इमारती पाडून मोकळी होणारी जमीन हिशेबात नाही. उच्च न्यायालयानं विरोधात निकाल दिला, पण २००६ साली सर्वोच्च न्यायालयानं बदल कायम केला. शहराला आणि गिरणी कामगारांना मिळाले ते तुकडे. लोअर परळला आज उभं राहिलं की ते दिसतं. तिथे निदान मालक खासगी होते. बंदराची जमीन तर आधीच आपली आहे. इथे हरलो तर सबब सांगायला जागा नाही.

याला एक आक्षेप आहे आणि तो खोटा नाही. बंदराचा व्यवसाय घटला, निवृत्त कामगारांच्या पेन्शनचा बोजा मोठा, मग पैसा कुठून आणायचा? जमीन विकासाला दिल्याशिवाय बंदर तगणार कसं? पेन्शन हा त्या माणसांचा हक्कच आहे, ती बुडवून कुठलीही बाग मला नको. पण उत्पन्न काढायला मालकी सोडावी लागत नाही. अडचण अशी, की दशकांपूर्वीच्या भाडेपट्ट्यांवर मोक्याच्या जागा नाममात्र भाड्यानं अडकून पडल्या, पट्टे संपले तरी ताबे सुटले नाहीत, आणि भाडेवाढीचे वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत लढले गेले. सार्वजनिक जमीन सार्वजनिक ठेवायची तर ती नीट सांभाळावीही लागते. ते झालं नाही. त्यावर उपाय मुदतीचे पट्टे, ठरावीक काळानं वाढणारं भाडं आणि उघडा लिलाव हा आहे. नव्वद वर्षांच्या पट्ट्यानं मनोरे बांधू देणं म्हणजे विक्रीच, नाव काहीही द्या.

दुसरा आक्षेप वारसाप्रेमी लोकांचा. ते म्हणतात, जुन्या इमारती वाचवा, किनारा लोकांना खुला करा. मी त्यांच्या बरोबर आहे, पण अर्धवट. २०१८ साली मुंबईच्या व्हिक्टोरियन गॉथिक आणि आर्ट डेको इमारतींना जागतिक वारसा म्हणून मान मिळाला, त्या सगळ्या फोर्ट आणि बॅक बेच्या बाजूच्या. पूर्वेला मात्र प्रिन्सेस आणि व्हिक्टोरिया या दोन गोद्या कंटेनर टर्मिनलच्या प्रकल्पात बुजवल्या गेल्या. प्रिन्सेस गोदी खोदताना चिखलाखाली शेकडो झाडांचे बुंधे सापडले होते, समुद्राखाली गेलेलं एक अख्खं जंगल. हातानं खोदलेली, शतकभर चाललेली ती गोदी गेली आणि शहरात फारसं कुणी बोललं नाही. घुमट आणि कमानी दिसतात म्हणून वाचतात. खोदलेला खड्डा, भरलेला बांध, वखार, हमालाची चाळ यांना वारसा म्हणायला आपण शिकलेलो नाही.

किनारा खुला करायचा तर तो रेवस, मांडवा, उरण, मोऱ्यालाही खुला व्हावा. मांडव्याला गाड्या नेणारी मोठी बोट २०२० पासून धावते, ती चांगली सोय आहे. पण भाऊच्या धक्क्यावर रेवसच्या लाँचसाठी टोपल्या, पिशव्या घेऊन उभ्या असणाऱ्या बायकांना बसायला धड जागा आणि पावसाळ्यात डोक्यावर छप्पर हवं, आणि ते क्रूझच्या प्रवाशांच्या आधी हवं. दारूखाना आणि कोळसा बंदरातल्या कुटुंबांना घरं मिळावीत ती याच पट्ट्यात, कारण त्यांचं काम इथे आहे. ससून डॉकला मासळी उतरवणाऱ्या, कोलीम सुकवणाऱ्या, कोळंबी सोलणाऱ्या बायकांना उठवून तिथे कलादालन होणार असेल, तर त्या कलेची मला गरज नाही.

हे सगळं होण्याआधी एक काम ताबडतोब करता येईल, आणि त्याला ना कायदा लागतो ना पैसा. बंदराच्या जमिनीच्या भाडेपट्ट्यांची संपूर्ण यादी मराठीतून, नकाशासह लोकांसमोर ठेवावी: कुठला भूखंड कुणाकडे आहे, केव्हापासून, किती भाड्यानं, पट्टा कधी संपतो किंवा संपला, त्यावर कोण राहतं आणि कोण काम करतं. ती यादी येईपर्यंत एकाही एकराचा नवा करार होऊ नये, अशी मागणी शहरातल्या नगरसेवकांनी, आमदारांनी आणि खासदारांनी लेखी करावी. रत्नागिरी, रायगड आणि वऱ्हाडच्या लोकप्रतिनिधींनीही तिच्यावर सही करावी, कारण जमीन त्यांच्याही मतदारांच्या आजोबा-पणजोबांनी भरली आहे.